कलम २२ आणि कसाबची बिर्याणी

मावळतीकर:
परवा बदलापूरच्या (शाळेतल्या चिमुरड्यांवरच्या अत्याचाराच्या) धाग्यावर खडूसकाकांनी जाता जाता पिंक टाकली: "घटनेत आरोपीसाठी पानंच्या पानं, मेलेल्यासाठी एक ओळ नाही. २४ तासांत कोर्ट, फुकट वकील, वर तोंड न उघडायचा हक्क. सरकारचे जावई आहेत का?" खाली अनुमोदनांची रांग. तिथे लिहिलं तर वाहून जाईल म्हणून हा वेगळा धागा.

काका, पानंच्या पानं सापडली कुठे तुम्हाला? कलम २०, २१ आणि २२. एकवीस (जिवाचा आणि स्वातंत्र्याचा हक्क) तर एका वाक्याचं आहे. आणि बावीस मूळ मसुद्यात नव्हतंच. 'ड्यू प्रोसेस' (कायदा असून भागत नाही, प्रक्रियाही न्याय्य हवी) हे शब्द गाळल्यावर नाराजी झाली, तेव्हा बाबासाहेबांनी सप्टेंबर १९४९ मध्ये भरपाई म्हणून ते आणलं: अटकेचं कारण सांगा, वकील भेटू द्या, २४ तासांत मॅजिस्ट्रेटपुढे उभं करा. त्या सभागृहातले कितीतरी जण इंग्रजांच्या तुरुंगात राहून आलेले. रौलट कायद्याला 'ना वकील, ना दलील, ना अपील' म्हणणारी पिढी ती. आरोपी म्हणजे कोण, हे त्यांना सोसायटीच्या ग्रुपवरून कळलेलं नव्हतं. (त्याच कलमात प्रतिबंधक स्थानबद्धतेची, म्हणजे खटल्याविना डांबायची, खिडकी उघडी ठेवली, ते दुखणं वेगळं.)

आता बदलापूर. २३ सप्टेंबर २०२४ ला पोलिसांच्या गाडीत आरोपी गोळी लागून मेला. पेढे वाटले, 'बदला पुरा'चे फलक लागले. मला त्या माणसाचा तिळमात्र पुळका नाही. पण शाळेत कुणाला काय माहीत होतं, कुणी किती दिवस दाबून ठेवलं, यातलं बरंच त्याच्या खटल्यात उलटतपासणीत निघालं असतं. आरोपी मेला की त्याच्यावरचा खटला मिटतो. पेढे नेमके कशाचे होते?

खडूसकाका:
माझ्या नावाने धागा काढल्याबद्दल धन्यवाद. आईने पण एवढं कौतुक केलं नव्हतं.

११ जुलै २००६. पश्चिम रेल्वे, सात स्फोट, १८९ माणसं. आमच्या ऑफिसातले सबनीस (नाव बदललंय) रोज पहिल्या वर्गाच्या डब्यात दाराशी उभे राहायचे. त्यांची छत्री आमच्या कपाटात अजून आहे. १९ वर्षांनी, २१ जुलै २०२५ ला हायकोर्ट म्हणतं, बाराही जण निर्दोष. मग डबे काय उन्हाने फुटले? सबनीसवहिनींना मी कलम २१ वाचून दाखवू?

आणि तो २६/११ चा कसाब. अख्ख्या जगाने टीव्हीवर बंदूक घेऊन फिरताना पाहिलेला. त्याला वकील, दुभाषा, चार वर्षं बिर्याणी. तुमच्या बाबासाहेबांच्या पिढीला हे अपेक्षित होतं?

कोर्टाची_पायरी:
वकिलीत आहे, फौजदारी बाजूलाच, त्यामुळे शिव्या खायची सवय आहे.

काका, सबनीसांबद्दल काही बोलत नाही. पण ७/११ चा निकाल तुम्ही बातमीच्या मथळ्यापलीकडे वाचलेला दिसत नाही. सगळी भिस्त मकोकाखालच्या (संघटित गुन्हेगारीविरुद्धचा राज्याचा कडक कायदा) कबुलीजबाबांवर होती. हायकोर्टाला ते मारहाण करून घेतलेले आणि काही भाग एकमेकांवरून उतरवल्यासारखे वाटले. साक्षीदार टिकले नाहीत. बॉम्ब कोणत्या प्रकारचा होता हेही सरकार पक्षाला सिद्ध करता आलं नाही. म्हणजे आरोपींचे हक्क तुडवले म्हणून खटला गेला, आणि तुम्ही रागावताय हक्कांवर. ज्याने खरंच बॉम्ब ठेवला तो या १९ वर्षांत कुठे होता, हे विचारा की.

(सर्वोच्च न्यायालयाने २४ जुलैला एवढंच केलं की मकोकाच्या इतर खटल्यांत हा निकाल नजीर म्हणून वापरायला मनाई केली. सुटलेल्यांना परत आत टाका असं म्हटलेलं नाही. हे दहा जणांना समजावून झालंय, अकरावे तुम्ही.)

आणि बिर्याणी. सरकारी वकील उज्ज्वल निकम यांनी २०१५ मध्ये जयपूरला स्वतःच सांगितलं की कसाबने बिर्याणी कधी मागितली नाही, दिलीही नाही, ते आपण रचलं होतं. राखीपौर्णिमेला कसाबच्या डोळ्यात पाणी आलं अशा बातम्या चालल्या होत्या, ती हवा काढायला. तुम्ही अजून तीच शिळी बिर्याणी गरम करताय.

दीडशहाणा:
थांबा थांबा. मटण बिर्याणी ना? मी इतकी वर्षं चिकन समजत होतो.

खडूसकाका:
निकमांनी रचली असेल. फाशी तर खरी मिळवून दिली ना? २१ नोव्हेंबर २०१२, येरवडा. मग थोडी बिर्याणी शिजवली तर बिघडलं कुठे?

तटस्थ_ढोल:
बिघडलं असं की सरकारी वकील हा सूड घेणाऱ्याचा वकील नसतो. पुरावा भरभक्कम असताना कॅमेऱ्यापुढे थाप मारायची गरज काय? आणि तीच थाप पुढे प्रत्येक प्रचारसभेत फिरली.

खडूसकाका:
आलं राजकारण. वाटच बघत होतो.

तुरुंगाधिकारीपुत्र:
माझे वडील कारागृहात होते. नोकरीला. (हे वाक्य लग्नाच्या बोलण्यांत दोनदा अंगाशी आलंय, म्हणून पूर्णविरामानंतरचाही शब्द वाचा.) बिर्याणी सोडा, डाळीत डाळ शोधावी लागायची. ज्याच्या घरून मनीऑर्डर येते तो कॅन्टीनमधून काहीतरी आणून खातो. ज्याची येत नाही तो दुसऱ्याची भांडी घासतो, कपडे धुतो आणि त्यावर बिडी मिळवतो. हे सगळे शिक्षा झालेले नव्हेत हं. देशातल्या तुरुंगांत २०२२ अखेर दर चार कैद्यांमागे तीन कच्चे कैदी होते. वडील म्हणायचे, पक्का कैदी शांत असतो, त्याला सुटायची तारीख माहीत असते. कच्चा रात्रभर जागा.

आणि रक्षकांच्या क्वार्टर्सबद्दल कुणीच लिहीत नाही. पावसाळ्यात आम्ही घरात छत्री उघडून अभ्यास केलाय. पेन्शनची फाईल तर...

दीडशहाणा:
पण बिर्याणी मटणाचीच ना?

संपादक:
दोन वैयक्तिक शेरे उडवले आहेत. बिर्याणीसाठी पाककृती विभाग उघडा आहे.

निवृत्त_खाकी:
तेहतीस वर्षं पोलिसात काढली. इथे सगळे कायदा सांगताय, मी ठाणं सांगतो. रात्री दोनला आरोपी मिळाला. पंचनामा करायचाय, पंच यायला तयार नाहीत. मेडिकलला नेलं तर डॉक्टर राऊंडला. नातेवाइकाला कळवा, अटकेचा मेमो भरा, कारणं लेखी द्या, रिमांड रिपोर्ट लिहा, केस डायरी लिहा. गाडीत डिझेल माझ्या खिशातून. आणि सकाळी नेत्याचा दौरा, बंदोबस्त. एकेका अंमलदाराकडे चाळीस चाळीस तपास. मुलीचा साखरपुडा होता त्या दिवशी मी गणपती विसर्जनाच्या बंदोबस्तात होतो, फोटोत माझ्या जागी माझा मेहुणा आहे. आमच्या हक्कांचं कलम कितवं?

गुळपोळी:
साहेब, तुमचं दुःख मान्य. आता आमचं ऐका.

माझा धाकटा भाऊ तालुक्याच्या गावी दुचाकी दुरुस्त करतो. शुक्रवारी संध्याकाळी साध्या वेषातले दोघे आले, "साहेबांनी बोलवलंय, पाच मिनिटं". शनिवारी आम्ही ठाण्यात गेलो, तर ठाणे अंमलदार म्हणाला या नावाचा माणूस इथे नाहीच. आतून त्याचा खोकला ऐकू येत होता. त्याला लहानपणापासून दमा आहे, तो खोकला मी कुठेही ओळखीन. रविवारी संध्याकाळी पाचला अटक दाखवली. उचलला शुक्रवारी, दाखवला रविवारी. सोमवारी दुपारी कोर्टात. कागदावर २४ तासांच्या आत! त्याच ठाण्याच्या भिंतीवर डी. के. बसू निकालाच्या सूचनांचा (अटक करताना पोलिसांनी काय पाळायचं त्याच्या) फलक होता, निळ्यावर पांढरी अक्षरं. मी दोन दिवसांत तो पाठ केला.

मॅजिस्ट्रेटनी विचारलं, पोलिसांविरुद्ध काही तक्रार आहे का? मागे फौजदार उभा. भाऊ म्हणाला, नाही. ते लिहून घेतलं. आता आम्ही कितीही बोंबललो तरी रेकॉर्डवर 'तक्रार नाही'.

पीसीआर (पोलीस कोठडी) तीन दिवस, मग एमसीआर (न्यायालयीन कोठडी). जामीन मंजूर झाला तर म्हणे ऐपतदार जामीनदार आणा. मामाचा सातबारा होता, पण त्यावर सोसायटीचा बोजा. दुसऱ्याच्या ऐपतीच्या दाखल्यासाठी तहसीलमध्ये गेले तर साहेब मीटिंगला. जामीन मंजूर झाल्यावरही पोरगं अकरा दिवस आत, फक्त एका कागदासाठी. खडूसकाका, फुकट वकील म्हणालात ना? आमच्याकडे ती योजना आहे हे आम्हाला कुणी सांगितलंच नाही. आम्ही बैल विकला.

खडूसकाका:
तुमच्या भावाचं वाईट वाटलं, खरंच. पण एका उदाहरणावरून

गुळपोळी:
सबनीस किती उदाहरणं होते?

खडूसकाका:
ताई, मेलेल्या माणसाला मध्ये आणायची गरज नव्हती.

गुळपोळी:
तुम्हीच आणलंत. छत्रीसकट.

विदर्भकन्या:
मला दोन्ही बाजूंचा कंटाळा आलाय, म्हणून एक अडचणीचं सांगते. १९७२, तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातलं देसाईगंज. आदिवासी मुलगी, पोलीस ठाण्याचं आवार, बलात्काराचा आरोप असलेले दोन पोलीस. मथुरा खटला. हायकोर्टाने शिक्षा दिली, सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये दोघांना सोडलं. अंगावर जखमा नाहीत, ओरडली नाही, म्हणजे संमती असावी. संशयाचा फायदा आरोपीला! मावळतीकर, तुमचं लाडकं तत्त्व तिथे खाकीतल्या माणसांच्या कामी आलं. बायका रस्त्यावर उतरल्या तेव्हा १९८३ मध्ये पुरावा कायदा बदलला. कोठडीतल्या बलात्कारात ती संमती नव्हती म्हणाली, तर कोर्टाने नव्हती असंच धरायचं. म्हणजे आरोपीच्या बाजूचं पारडं जरा हलकं केलं, आणि ते बरोबर केलं. हक्क म्हणजे सोवळं नाही, शिवायचं नाही असं.

मावळतीकर:
विदर्भकन्या, हे लागलं. नाकारत नाही. फक्त एवढंच, की ती दुरुस्ती कायदा करून, संसदेत, उजेडात झाली. गाडीत गोळी घालून नव्हे.

विदर्भकन्या:
अकरा वर्षांनी झाली. तिला काय उपयोग?

कोर्टाची_पायरी:
हा प्रश्न मी पण सोडवू शकत नाही. तपास नीट करा, यापलीकडे माझ्याकडे उत्तर नाही, आणि ते किती पोकळ वाटतं हे मला माहीत आहे.

तटस्थ_ढोल:
आता माझी फिर्याद. २१ जुलै २०२५ ला ७/११ चे बारा मुसलमान आरोपी सुटले, तेव्हा अर्धं महाराष्ट्र म्हणालं न्यायालय झोपलंय, अर्धं म्हणालं सत्यमेव जयते. ३१ जुलैला मालेगाव २००८ च्या स्फोटाचे सातही हिंदू आरोपी सुटले. अर्ध्यांनी जागा बदलल्या! बरोब्बर दहा दिवसांत. २१ ला 'पोलिसांनी मारून कबुल्या घेतल्या' यावर हसणारे ३१ ला तेच वाक्य डोळ्यांत पाणी आणून बोलत होते. उलटही तसंच, पुरोगाम्यांनो, लपू नका. आणि मालेगावच्या २००६ च्या स्फोटात पकडलेले नऊ मुसलमान पाचेक वर्षं आत राहून आले आणि २०१६ मध्ये आरोपमुक्त झाले, ते कुणाच्याच यादीत नाहीत.

खडूसकाका:
मी दोन्ही वेळा न्यायालय झोपलंय असंच म्हणालो होतो. सातत्य पाहा माझं.

तटस्थ_ढोल:
साष्टांग दंडवत.

रानवारा:
परभणी कुणी काढलं नाही अजून. डिसेंबर २०२४. बाबासाहेबांच्या पुतळ्यासमोरच्या संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली, लोक चिडले, धरपकड झाली. कायद्याचा एक विद्यार्थी न्यायालयीन कोठडीत मेला. पोलिसांवर गुन्हा नोंदवायला २०२५ च्या जुलैपर्यंत हायकोर्टात भांडावं लागलं. संविधानासाठी रस्त्यावर आलेल्या माणसाला त्यातलं कलम २१ मिळालं नाही. यावर कुणी बिर्याणीचा विनोद करून दाखवा.

दीडशहाणा:
नाही करत. सॉरी.

निवृत्त_खाकी:
गुळपोळीताई, एक लिहायचं राहिलं. शुक्रवार-रविवारची ती युक्ती खरी आहे. मी स्वतः केली नाही असं म्हणणार नाही. वरून विचारणा व्हायची, डिटेक्शन किती, म्हणजे गुन्हे उघडकीला किती आणले? 'संशयित चौकशीकामी' एवढं तोंडी, कागदावर काही नाही. आता ठाण्यांत कॅमेरे आलेत म्हणतात. आमच्या वेळी आले असते तर आम्ही पण वाचलो असतो, वरचा दबाव दाखवायला काहीतरी असतं. ठाण्याचं नाव विचारत नाही. पण पुन्हा असं झालं तर शुक्रवारीच, हरवल्याची तक्रार घेऊन, वरिष्ठांना ईमेल टाका. ईमेलवर वेळ उमटते. आमची डायरी आम्ही लिहितो, ईमेल आम्हाला लिहिता येत नाही.

कोर्टाची_पायरी:
याला म्हणतात माफीचा साक्षीदार. आणि ताई, मॅजिस्ट्रेट 'तक्रार आहे का' विचारतात तेव्हा वकिलाने सांगायचं की पोलिसांना बाहेर पाठवून विचारा. मी दर वेळी सांगते. निम्मे ऐकतात.

खडूसकाका:
ठीक आहे. २४ तासांचं पटलं. घड्याळ उचलल्यापासून लावा, दाखवल्यापासून नको. लिहून घ्या, खडूसकाका एका मुद्द्यावर हरले. गप्प बसायचा हक्क मात्र अजिबात पटलेला नाही. निर्दोष माणूस गप्प कशाला बसेल?

गुळपोळी:
मागे फौजदार उभा असतो म्हणून.

मावळतीकर:
ताई, भावाचं पुढे काय झालं? सुटला ना?

गुळपोळी:
जामिनावर आहे. चार वर्षं झाली, अजून आरोपनिश्चिती नाही. ज्या चोरीला गेलेल्या गाडीसाठी भावाला नेलं ती सापडलीच नाही, मालकाने विम्याचे पैसे घेऊन नवी घेतली. सर्व्हिसिंगला आमच्याकडेच आणतो.