मॅकार्थींच्या राज्यातील समाजवादी महापौर : मिल्वॉकीचे फ्रँक झाइडलर

प्रश्न
फ्रँक झाइडलर १९४८ ते १९६० या काळात अमेरिकेतील मिल्वॉकी शहराचे महापौर होते आणि आपण समाजवादी असल्याचे त्यांनी कधीही लपवले नाही. त्याच विस्कॉन्सिन राज्याचे सिनेटर जोसेफ मॅकार्थी त्या वेळी देशभर कम्युनिस्टांचा शोध घेत असताना झाइडलर तीनदा कसे निवडून आले, आणि १९६० साली त्यांनी निवडणूक का लढवली नाही?

प्रतिसाद १
मिल्वॉकीला समाजवादी महापौर नवे नव्हते. एमिल सायडेल १९१० मध्ये निवडून आले होते आणि डॅनियल होन यांनी १९१६ ते १९४० असा दीर्घ कारभार केला होता. पाणी, सांडपाणी, उद्याने आणि सार्वजनिक आरोग्य चोख ठेवणारा, भ्रष्टाचार न करणारा पक्ष अशी समाजवाद्यांची ख्याती असल्यामुळे मतदारांना त्या नावाची धास्ती वाटत नसे. शिवाय फ्रँक यांचे थोरले बंधू कार्ल यांनीच १९४० मध्ये होन यांचा पराभव केला होता. ते पुढे नौदलात गेले आणि १९४२ मध्ये समुद्रात बेपत्ता झाले. त्यामुळे झाइडलर हे आडनाव शहराच्या जिव्हाळ्याचे झाले होते.

प्रतिसाद २
वरील माहिती योग्य आहे, परंतु माझ्या मते त्यांचे खरे कर्तृत्व हद्दवाढीत आहे. मध्यमवर्ग आणि कारखाने उपनगरांत गेले, तर कराचे उत्पन्न आटून गरिबांचा भार तेवढा शहरावर उरेल, हे त्यांनी वेळीच ओळखले. मिशिगन सरोवराचे पाणी पुरवण्याची क्षमता शहराच्या हाती होती. तिच्या बळावर त्यांनी भोवतालचा प्रदेश सामील करून घेतला आणि शहराचे क्षेत्रफळ जवळजवळ दुप्पट झाले. उपनगरांनी याला कडवा विरोध केला आणि १९५५ च्या ओक क्रीक कायद्यामुळे शेजारच्या ओक क्रीक गावाला स्वतंत्र शहर होण्याची मुभा मिळताच हा विस्तार खुंटला.

प्रतिसाद ३
माघारीमागे प्रकृतीचे कारण होते, पण १९५६ च्या प्रचाराकडे दुर्लक्ष करून चालणार नाही. सार्वजनिक घरबांधणीचा आग्रह धरणाऱ्या झाइडलर यांनी अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत फलक लावून कृष्णवर्णीयांना मिल्वॉकीत बोलावले, अशी धादांत खोटी अफवा पसरवली गेली. ते निवडून आले, तरी वंशद्वेषाचे हे विष शहरात राहिले. त्याच वर्षी वेल फिलिप्स नगर परिषदेवर निवडून आलेल्या पहिल्या कृष्णवर्णीय महिला ठरल्या. घरे देताना वंशभेद करण्यास बंदी घालणारा ठराव त्यांनी १९६२ मध्ये मांडला, तेव्हा त्याच्या बाजूने त्यांचे एकटीचेच मत पडले.