डॉक्टर दिल्लीला गेला, इथं दवाखान्यात कोण?

पांझराकाठ: काल कोणीतरी लिहिलं, 'खान्देशचं नशीब थोर, आपण दिल्लीला डॉक्टर पाठवतो.' वाचून डोकं तापलं. गुणवंतराव सरोदे, उल्हास पाटील, सुभाष भामरे, हीना गावित, डॉक्टर खासदारांची यादी मलाही पाठ आहे. पण आरोग्य हा राज्याचा विषय, खासदार करून करून काय करणार? भामरे कॅन्सरचे सर्जन, त्यांना राज्यमंत्रिपद मिळालं संरक्षणाचं! आमच्या साक्रीकडच्या गावात मोटारसायकलवर येणारे एकच डॉक्टर होते. ते राजकारणात शिरले आणि दवाखान्याला कुलूप. साप चावला की पोरगं घेऊन धुळं गाठायचं.

सातपुडा भो: दुसऱ्यांनी काय दिवे लावले? हीनाताईंनी 2014ला नऊ वेळच्या खासदाराला, माणिकरावांना पाडलं. नंदुरबारला 2020ला मेडिकल कॉलेज आलं, ते काय आभाळातून पडलं? धडगावकडून माझ्या मामीला बांबूच्या झोळीतून खाली आणलं, वाटेतच बाळंत झाली. डॉक्टर खासदाराला झोळी म्हणजे काय हे समजावत बसावं लागत नाही.

पांझराकाठ: मामींचं वाईट वाटलं. पण जळगावला 2018ला कॉलेज सुरू झालं तेव्हा खासदार ए. टी. नाना पाटील. ते कुठले डॉक्टर? आणि झोळी बंद करायला रस्ता लागतो भाऊ, स्टेथोस्कोप नाही.

भरीतवाला: उल्हासदादा 1998ला निवडून आले आणि तेरा महिन्यांत लोकसभाच बरखास्त. त्यांचा हिशोब कसला मागता?

धुळेकर नाना: कॉलेज-बिलेज सोडा, धुळ्यावरून जाणाऱ्या मनमाड-इंदूर रेल्वेचं बोला! भामरे दहा वर्षं मागे लागले आणि केंद्राची मंजुरी आली सप्टेंबर 2024ला, ते पडल्यावर. 309 किलोमीटर, 18,036 कोटी.

भरीतवाला: नाना, प्रत्येक धाग्यात तुमची रेल्वे!

धुळेकर नाना: भुसावळ जंक्शन उशाशी घेऊन झोपणाऱ्यांनी आम्हाला शिकवू नये. आम्ही आजही बहुतेक ठिकाणी जायला चाळीसगावला गाडी बदलतो.

सातपुडा भो: कसाले भांडतस रे भो? भामरेंना पाडलं कोणी? डॉ. शोभाताई बच्छाव यांनी. म्हणजे धुळ्याला डॉक्टरच पाहिजे! आता बोला, पांझराकाठ.

पांझराकाठ: बरं बाबा, जिंकलास. पुढच्या वेळी डॉक्टरांची सगळी संघटनाच, आयएमए, उभी करा.

धुळेकर नाना: ते होईल तेव्हा होईल. नरडाण्याकडे रेल्वेच्या जमिनीची मोजणी कुठवर आली, कोणाला माहिती आहे का?