‘मेहेर’ हे नाव: मूळ कोणते, अर्थ काय, आणि मुलगा-मुलगी दोघांनाही चालेल का?

प्रश्न – ठाणेकर_आईबाबा

येत्या काही आठवड्यांत आमच्या घरी बाळ येणार आहे. गर्भलिंगनिदान कायद्याने बंद असल्यामुळे मुलगा की मुलगी हे आधी कळण्याचा प्रश्नच नाही, आणि बारशाच्या आदल्या रात्री नावावरून वाद घालण्याची आमच्या दोन्ही घरांतली जुनी पद्धत आम्हांला मोडायची आहे. म्हणून दोघांनाही शोभेल असे एकच नाव शोधता शोधता आम्ही ‘मेहेर’ या नावाशी येऊन थांबलो.

अडचण अशी की, नावांच्या संकेतस्थळांवर ‘मूळ: फारसी आणि संस्कृत’ असे बिनदिक्कत लिहिलेले असते, आणि अर्थ मात्र कुठे सूर्य, कुठे प्रेम, कुठे कृपा, कुठे मैत्री, तर एका ठिकाणी चक्क पाऊस दिलेला आहे. सासरे म्हणतात, हा शुद्ध फारसी शब्द आहे, संस्कृत कोशात असेल तर काढून दाखवा. आजेसासूबाईंना प्रत्येक वेळी ‘माहेर’ ऐकू येते. एका नातेवाइकांनी सांगितले की मुस्लिम विवाहात वराने वधूला द्यायच्या रकमेला मेहेर म्हणतात, तेव्हा हे नाव ठेवूच नये. यांतले खरे काय आहे, आणि एकाच शब्दाला दोन्ही भाषांतले मूळ असणे शक्य तरी आहे का?

प्रतिसाद – शब्दवेडा

आपल्या सासऱ्यांचे म्हणणे अर्धे बरोबर आहे. ‘मेहेर’ हे रूप संस्कृत कोशात मिळणार नाही, कारण ते इराणात घडलेले आहे. परंतु ज्या शब्दापासून ते घडले त्याचा सख्खा भाऊ संस्कृतात आहे आणि मराठीत तो आपण रोज वापरतो. तो शब्द म्हणजे ‘मित्र’.

वेदांची भाषा आणि पारशी धर्मग्रंथ असलेल्या अवेस्ताची भाषा एकाच मूळ भाषेतून फुटलेल्या आहेत. त्या मूळ भाषेत या शब्दाचा अर्थ करार, वचन, दोन पक्षांना बांधून ठेवणारी गोष्ट असा असावा, असे बहुतेक भाषाशास्त्रज्ञ मानतात. आंत्वान मेये या फ्रेंच विद्वानाने १९०७ साली हे मत मांडले. वचन पाळले जाते की नाही यावर नजर ठेवणारी देवताही मित्रच. ऋग्वेदात हा मित्र बहुतेक वेळा वरुणाच्या जोडीने येतो आणि केवळ त्याच्यासाठी रचलेले सूक्त एकच आहे, तिसऱ्या मंडलातले ५९वे. इराणी बाजूला त्याचा मान पुष्कळ मोठा आहे. अवेस्तातील दहावा यश्त, म्हणजे स्तोत्र, संपूर्ण त्याचाच असून त्यात त्याला हजार कानांचा आणि दहा हजार डोळ्यांचा म्हटले आहे, म्हणजे वचन मोडणाऱ्याला लपायला जागा उरत नाही. या देवतेचा सर्वांत जुना लेखी पुरावा मात्र भारतातही नाही आणि इराणातही नाही. आजच्या तुर्कस्तानातील बोगाझकोय येथे, म्हणजे हित्ती राजांच्या जुन्या राजधानीत, इ.स.पू. चौदाव्या शतकातील एक तह मातीच्या विटांवर कोरलेला सापडला. हित्ती राजा आणि मितान्नीचा राजा यांच्यातील त्या तहाला साक्षी म्हणून ज्या देवता बोलावल्या आहेत त्यांत मित्र, वरुण, इंद्र आणि नासत्य, म्हणजे अश्विनीकुमार, आहेत. कराराच्या देवाचे नाव पहिल्यांदा एका करारातच लिहिलेले मिळावे, याची मला नेहमी गंमत वाटते.

आता ‘मित्र’चा ‘मेहेर’ कसा झाला ते पाहू. प्राचीन इराणी भाषेत ‘त्र’च्या जागी ‘थ्र’ आला, म्हणून अवेस्तात ‘मिथ्र’ दिसतो; पुढे मध्य फारसीत त्या ‘थ’चा ‘ह’ होऊन ‘मिह्र’ झाला आणि आधुनिक फारसीत ‘मेह्र’. हा बदल एकट्या या शब्दापुरता नाही. संस्कृत ‘चित्र’ याचे इराणी भावंड याच वाटेने बदलत गेले आणि ‘चेहरा’ होऊन मराठीत परत आले, तर ‘क्षत्र’ म्हणजे सत्ता किंवा राज्य, त्याचे भावंड ‘शहर’ होऊन आले. चित्र आणि चेहरा, क्षत्र आणि शहर यांचे जे नाते आहे तेच मित्र आणि मेहेर यांचे आहे.

अर्थांचा गोंधळही यावरून बराच सुटतो. करारातून निष्ठा आणि निष्ठेतून जिव्हाळा, हा प्रवास दोन्हीकडे झाला. संस्कृतात तो ‘सखा’ या अर्थावर स्थिरावला आणि फारसीत ‘प्रेम, ममता, कृपा’ या अर्थांवर. आपल्या ‘मेहेरबान’ आणि ‘मेहेरनजर’ या शब्दांत तीच कृपा आहे, आणि कोर्टाच्या मराठी कागदपत्रांत ‘मे. कोर्ट’ असे लिहितात त्यातला ‘मे.’ हा मेहेरबानच आहे. सूर्य हा अर्थही दोन्हीकडे आहे. अवेस्तात मिथ्र स्वतः सूर्य नाही, तो सूर्याच्या पुढे डोंगरावर येतो. नंतरच्या काळात दोघे एकरूप झाले आणि फारसीत ‘मेह्र’ म्हणजे सूर्य असेही रूढ झाले. आपल्याकडे सूर्यनमस्काराच्या बारा नावांतले पहिलेच नाव ‘मित्र’ आहे, आणि अमरकोशातल्या सूर्याच्या नावांत ‘मित्र’ आहे तसाच ‘मिहिर’ही आहे.

हा ‘मिहिर’ संकेतस्थळांना चकवतो. तो संस्कृत कोशात आहे हे खरे, पण तो वारशाने आलेला नसून इराणी ‘मिह्र’ उसना घेऊन बनला आहे, असे अभ्यासक मानतात. इराणी भाषा बोलणारे शक आणि कुषाण वायव्येकडून आले त्या काळाशी या उसनवारीचा संबंध जोडतात. कनिष्काच्या नाण्यांवर ‘मिइरो’ या नावाने सूर्यदेवता कोरलेली आहे, आणि सहाव्या शतकातल्या वराहमिहिराच्या नावात तर तो शब्द उघडच दिसतो. संस्कृत वैयाकरणांना मात्र प्रत्येक शब्दाला धातू हवा असतो. त्यांनी ‘मिह्’ म्हणजे सिंचन करणे या धातूपासून ‘मिहिर’ साधला, आणि आपण वाचलेला ‘पाऊस’ बहुधा तिथूनच आला असावा. त्याच धातूपासून ‘मेघ’ही होतो आणि ‘मधुमेह’ही, त्यामुळे ती व्युत्पत्ती बारशाच्या दिवशी कोणाला सांगू नये हे बरे.

प्रतिसाद – डहाणूकर

व्युत्पत्तीवर मी काही बोलणार नाही, पण वापराविषयी सांगू शकतो. डहाणू-घोलवडच्या पट्ट्यात चिकूच्या वाड्या करणारी इराणी आणि पारशी कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या आमची शेजारी आहेत, आणि त्यांच्यात ‘मेहेर’ हे नाव सतत कानावर पडते. पुरुषांमध्ये ते बहुतेक वेळा जोडनावात येते, जसे मेहेरजी, मेहेरवान, मेहेरनोश. बायकांमध्ये मेहेरबाई, मेहेरू, आणि अलीकडे नुसते मेहेर. इतिहासात पाहिले तर अकबराच्या दरबारात जाऊन आलेले नवसारीचे दस्तूर, म्हणजे पारशी धर्मगुरू, मेहेरजी राणा हे पुरुष, आणि दोराबजी टाटा यांच्या पत्नी लेडी मेहेरबाई या स्त्री. १९३१ साली त्या रक्ताच्या कर्करोगाने गेल्या. त्यांच्या स्मरणार्थ सुरू झालेला न्यास आजही त्या रोगावरील संशोधनाला मदत करतो.

महाराष्ट्राला हे नाव परके नाही, याचे आणखी एक कारण म्हणजे अवतार मेहेरबाबा. १८९४ साली पुण्यात एका इराणी कुटुंबात जन्मलेल्या या मेरवानला शिष्यांनी ‘मेहेरबाबा’, म्हणजे कृपाळू पिता, असे नाव दिले, आणि नगरजवळच्या अरणगावी मेहेराबादला आजही लोक समाधीच्या दर्शनाला येतात. नगरच्या लोकांना हे नाव उच्चारून दाखवावे लागत नाही.

एक गोष्ट आपल्याला आवडेल. पारशी पंचांगात महिन्याच्या प्रत्येक दिवसाला स्वतंत्र नाव असते. सोळावा रोज मेहेर आणि सातवा महिनाही मेहेर. रोज आणि महिना एकाच नावाचे आले की त्या दिवशी सण असतो, त्याला इराणात मेहेरगान म्हणतात आणि तो शरद ऋतूत येतो. इराणच्या सरकारी पंचांगातही मेह्र हा शरदातला पहिला महिना असून त्याच्या पहिल्या तारखेला तिथल्या शाळा उघडतात. अग्यारीला पारशी लोक ‘दरेमेहेर’ असेही म्हणतात.

प्रतिसाद – रोखठोक

वरची माहिती उत्तम आहे, तरीही ‘दोघांनाही चालते’ या दाव्याविषयी मला शंका आहे. आज मुंबई-पुण्यात नुसते ‘मेहेर’ म्हटले की ऐकणारा मुलगीच समजतो, कारण मुलग्यासाठी ‘मिहिर’ हे नाव आपल्याकडे आधीच घट्ट बसलेले आहे. मुलगा झाला आणि नाव मेहेर ठेवले, तर शाळेत निम्मे शिक्षक त्याला मिहिर म्हणतील आणि उरलेले मुलींच्या रांगेत शोधतील. त्यापेक्षा मुलगा झाला तर मिहिर आणि मुलगी झाली तर मेहेर, असे ठरवून ठेवावे; शब्द एकच, आणि अर्थही तोच.

ठाणेकर_आईबाबा

सर्वांचे मनापासून आभार. रोखठोक यांची सूचना व्यवहार्य आहे, पण मग आम्ही ज्या कारणासाठी नाव शोधायला निघालो तेच बाजूला पडते. शब्दवेडा यांना विचारावेसे वाटते की, मुळात हे नाव दोन्ही लिंगांना लागू कसे झाले? देव तर पुरुषच होता ना? आणि नातेवाइकांच्या त्या रकमेचे काय?

प्रतिसाद – शब्दवेडा

आधी रकमेचे सांगतो, कारण ते सोपे आहे. वधूला द्यायच्या रकमेचा शब्द अरबी असून तो ‘मह्र’ आहे, आणि त्याचा या शब्दाशी काही संबंध नाही. फारसी लिपीत ऱ्हस्व स्वर लिहीत नाहीत, त्यामुळे प्रेम या अर्थाचा ‘मेह्र’, रकमेचा ‘मह्र’ आणि शिक्का या अर्थाचा ‘मोह्र’ हे तिन्ही शब्द कागदावर तंतोतंत सारखे दिसतात. त्यांतला तिसरा मराठीत ‘मोहोर’ होऊन आला, सोन्याची मोहोर म्हणतो तो. आंब्याचा मोहोर निराळा. आजेसासूबाईंच्या ‘माहेर’चे मूळ ‘मातृगृह’ आहे, तोही स्वतंत्र शब्द, मात्र त्यांना तसे ऐकू येत असेल तर नावाचे काही बिघडत नाही.

लिंगाचा प्रश्न खरा महत्त्वाचा आहे, आणि माझ्या मते या नावाचा दोघांना लागू होण्याचा गुण संस्कृतकडून आलेलाच नाही. संस्कृतात प्रत्येक नामाला लिंग असते. देव या अर्थी ‘मित्रः’ पुल्लिंगी आहे, आणि सखा या अर्थी ‘मित्रम्’ चक्क नपुंसकलिंगी आहे, मग तो सखा पुरुष असो वा स्त्री. व्यक्तिनामात मात्र संस्कृत परंपरा लिंग स्पष्ट करून घेते: अग्निमित्र आणि पुष्यमित्र पुरुष, सुमित्रा आणि संघमित्रा स्त्रिया. नाशिकच्या पांडवलेण्यांत नहपान क्षत्रपाच्या काळातले लेख आहेत, त्यांत त्याच्या मुलीने एक खोली दान दिल्याची नोंद आहे आणि तिचे नाव दक्षमित्रा आहे. घराणे शकांचे, बापाची पदवी ‘क्षत्रप’ इराणी, आणि मुलीचे नाव संस्कृत वळणाचे आकारान्त; दोन भावंडे एकाच लेण्यात भेटल्यासारखे आहे.

फारसीत उलट घडले. त्या भाषेने मध्ययुगापूर्वीच व्याकरणातले लिंग सोडून दिले. ‘तो’ आणि ‘ती’ यांना तिथे एकच सर्वनाम आहे. म्हणून ‘मेह्र’ हा शब्द नाव म्हणून उचलताना त्याला काना-वेलांटी लावून मुलीचा करावा लागत नाही. मेहरदाद म्हणजे मित्राने दिलेला, हे पुरुषाचे नाव. मेह्री हे स्त्रीचे. आणि खुद्द ‘मित्रा’ हे आज इराणात मुलीचे नाव आहे, देव पुरुष असूनही. पंजाबात हा शब्द कृपा या अर्थाने शीख परंपरेत रुजला आणि तिथे एकच नाव मुलामुलींना ठेवण्याची रीतच असल्यामुळे मेहर सिंगही असतात आणि मेहर कौरही.

रोखठोक यांच्या सूचनेवर इतकेच म्हणेन की ‘मिहिर’ आणि ‘मेहेर’ यांचा अर्थ अगदी तोच नाही. मिहिर म्हणजे सूर्य आणि फक्त सूर्य. प्रेम आणि कृपा यांची छटा मेहेरमध्येच आहे. आणि ‘किरण’ हे नाव आपण पुरुषाचे आणि बाईचे दोन्ही म्हणून बिनतक्रार चालवतोच. ‘किरण आला’ की ‘किरण आली’ हे क्रियापद सांगते, तसेच ‘मेहेर आला’ आणि ‘मेहेर आली’ हेही सांगेल. तेव्हा आपण विचारलेच आहे तर माझे मत असे की, ‘मूळ: फारसी, संस्कृत “मित्र”चे भावंड, अर्थ: प्रेम, कृपा, सूर्य’ एवढे सासऱ्यांना सांगावे. ते कोश काढून बसले तर ‘मित्र’ आणि ‘मिहिर’ या दोन नोंदी उघडून द्याव्यात.

प्रतिसाद – कागदी_घोडे

नाव ठरल्यावरचे एक सांगतो. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण त्या वेळी बाळाचे नाव देणे सक्तीचे नाही. नाव नंतर बारा महिन्यांपर्यंत विनाशुल्क घालता येते आणि त्यानंतरही विलंबशुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत. त्यामुळे बाळ बघून मन बदलले तरी घाई नाही. मात्र ‘मेहेर’ लिहायचे की ‘मेहर’, हे दोघांनी बसून आधीच ठरवा. मराठीच्या उच्चाराला आणि ‘मेहेरबान’च्या रूढ लेखनाला धरून ‘मेहेर’ बरे, हिंदी-पंजाबी वळण हवे असेल तर ‘मेहर’. इंग्रजी स्पेलिंगमध्येही शेवटच्या आर अक्षराआधी ई येणार, ए येणार की काहीच नाही, हे ठरवून जन्मदाखला, आधार आणि पुढे पारपत्र या तिन्हींवर तेच ठेवा. तीन कागदांवर तीन मेहेर निघाले की राजपत्रात नावबदल छापून घेण्यापर्यंत मजल जाते.