मदत हवी आहे: थंडीत टोमॅटोची फुलं गळतायत

नमस्कार मंडळी. मोहोळ तालुक्यात आमचा २० गुंठे टोमॅटो आहे, ठिबकवर, मल्चिंग पेपर टाकून. नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात लागण केली, आता तारा-बांबू बांधून झालेत आणि झाड ऐन फुलात आहे. आपल्या सोलापूरला उन्हाची सवय, पण गेले पाच-सहा दिवस पहाटे पारा १० अंशांपर्यंत उतरतोय. फुलं देठापासून गळतायत, पानांची खालची बाजू जांभळट झालीय. रात्रीचं तापमान १३ अंशांच्या खाली गेलं की परागीभवन नीट होत नाही आणि गारठ्यात मुळं स्फुरद (फॉस्फरस) उचलत नाहीत, त्यानंच पानं जांभळी पडतात, एवढं मला कळतं. म्हणून खत वाढवायची घाई केलेली नाही.

वडील म्हणतात, पहाटे विहिरीचं पाणी सोड, ते कोमट असतं, जमीन ऊब धरते. मला पटतं, पण ओल वाढून उशिराचा करपा (पानं-फळं काळी पाडणारा रोग) आला तर? थंडी आणि दमट हवा, दोन्ही त्याला हवंच असतं. बांधावर पाचट पेटवून धूर करायचा सल्लाही मिळालाय, पण वारं सुटलं की तो टिकत नाही.

क्रॉप कव्हर (पिकावर टाकायचं पातळ कापड) बांबूवर बांधलेल्या उंच झाडांना कुणी वापरलंय का? दिवसा काढावं लागतं का? मधमाश्या आत येणार कशा? उत्तरेकडून वारं लागतं, तिथं शेडनेट उभी लावली तर फरक पडेल का? स्वतः करून पाहिलेल्यांनी कृपया सांगा. पुढचा तोडा याच फुलांवर आहे.