मदत हवी आहे: १९७१च्या युद्धातल्या 'घडियाल' जहाजाचं लॉगबुक कुठे मिळेल?

डिसेंबर १९७१, ऑपरेशन बीव्हर. तेव्हाच्या पूर्व पाकिस्तानातल्या (आताच्या बांगलादेशातल्या) कॉक्स बझारच्या किनाऱ्यावर गुरखा जवान उतरवायला 'आयएनएस घडियाल' आणि 'आयएनएस गुलदार' ही पोलिश बनावटीची लँडिंग जहाजं गेली होती. किनारा उथळ, मध्येच वाळूचा दांडा. जहाज दांड्यावर टेकलं, पण दांडा आणि किनारा यांच्यामध्ये पाणी खोल होतं. पाठीवर सामान घेऊन उतरलेले काही जवान त्यात बुडाले. या मोहिमेवर मराठीत सविस्तर लिहितोय. त्या जवानांबद्दल अंदाजाने एक ओळही लिहायची नाही, म्हणून मूळ नोंद हवी.

नौदलाचा प्रकाशित इतिहास वाचून झाला, त्यात हा प्रसंग फार आटोपशीर आहे. निवृत्त अधिकाऱ्यांच्या आठवणीही चाळल्या. पण जहाज कुठल्या वेळी, भरतीला की ओहोटीला टेकलं, यावर एकमत नाही. फोटो नकोत, तेवढी वेळ आणि खोली हवी. मी कोल्हापुरात असतो, दिल्लीला वारंवार जाणं जमणार नाही.

'घडियाल'चं त्या महिन्याचं लॉगबुक राष्ट्रीय अभिलेखागारात आहे, संरक्षण मंत्रालयाच्या इतिहास विभागात आहे, की अजून नौदल मुख्यालयातच? आणि माहिती अधिकाराचा अर्ज नेमका कोणाच्या नावे करावा?