जुने 10.8 आणि आजचे 10.8 एक नव्हेत

सोलापूरच्या पार्क मैदानावरच्या जुन्या स्पर्धांतले 100 मीटर धावण्याचे 10.8 सेकंद आजच्या इलेक्ट्रॉनिक 10.8 शी थेट लावायचे, असं काही जण म्हणतात, ते पटत नाही. सोलापूर असो की ऑलिम्पिक, हातघड्याळाच्या (म्हणजे वेळाधिकाऱ्याने हाताने चालू-बंद करायच्या घड्याळाच्या) वेळेत आधी 0.24 सेकंद मिळवायचे. म्हणजे झाले 11.04. हे 0.24 सुद्धा सरासरीच.

वेळाधिकारी शेवटच्या रेषेवर उभा असतो. पिस्तुलाचा धूर दिसल्यावर त्याचं बोट हलतं, तेवढा वेळ धावपटूला फुकट मिळतो. धुराऐवजी आवाजावर घड्याळ सुरू केलं तर आणखी जवळपास 0.3 सेकंद, कारण आवाजाला 100 मीटर यायला तेवढा वेळ लागतोच. शेवटी मात्र धावपटू येताना दिसत असतो, त्यामुळे बटण वेळेवर किंवा जरा आधीच दाबलं जातं. शिवाय 10.81 आलं तरी नियमाने 10.9 लिहायचं असतं. ते पाळलं होतं का, हे जुन्या नोंदीवरून कळत नाही.

वाऱ्याचं तर विचारूच नका. पाठीमागून ढकलणाऱ्या वाऱ्याची मर्यादा सेकंदाला 2.0 मीटर, वारा मोजणारा वायुमापक शेवटच्या रेषेपासून 50 मीटरवर, 1.22 मीटर उंचीवर. तो नसेल तर विक्रम धरूच नये. आणि असूनही घोळ होतोच: 1988 मध्ये अमेरिकेत इंडियानापोलिसला तिथलीच धावपटू ग्रिफिथ-जॉयनर हिच्या 100 मीटरच्या 10.49 ला वारा 0.0 नोंदला गेला, त्याच सुमारास शेजारच्या तिहेरी उडीच्या मापकावर 4.3 होता. विक्रम अजून पुस्तकात आहे. मला तो संशयास्पदच वाटतो.

जुनी नोंदवही हाती लागली तर दशांशानंतर किती आकडे आहेत ते आधी बघा. एकच असेल तर बहुधा हातघड्याळ.