प्रतिसाद: तरुण टचाका आणि कानी बापलेक

वर कोणीतरी लिहिलंय की मार्व्हलच्या ‘ब्लॅक पँथर’ सिनेमात वाकांडा या काल्पनिक आफ्रिकी देशाचा राजा असलेल्या टचाकाच्या म्हातारपणीच्या आणि तरुणपणीच्या चेहऱ्यात इतकं साम्य आहे की मेकअपची कमाल वाटते. अहो, कमाल कसली, ते खरेखुरे बापलेक आहेत! म्हातारा राजा जॉन कानी, तरुण राजा त्यांचा मुलगा अटांड्वा.

सुरुवातीचा अमेरिकेतल्या ऑकलंडचा प्रसंग परत बघा. १९९२ साल, छोटीशी खोली, पँथरच्या पोशाखात आलेला टचाका मुखवटा काढतो आणि सख्ख्या भावाला जाब विचारतो. आवाज फारसा चढत नाही, तरी समोरचा हबकतो. तो अटांड्वा. आणि वाकांडाची भाषा म्हणजे दक्षिण आफ्रिकेतली खोसा, हे मार्व्हलच्याच २०१६च्या ‘सिव्हिल वॉर’ सिनेमापासून चालत आलंय, तेही जॉन कानींमुळेच. ती कानींची मातृभाषा, त्यामुळे टाळूवर जीभ आपटून काढायचे ते ‘टक्’ आवाज पोराला शिकवावे लागले नसणार!

अटांड्वाला बापाच्या वशिल्याने काम मिळालं, या मुद्द्याबद्दल: बापाचं नाव मोठं आहे, नाकारत नाही. १९७५ चा टोनी हा अमेरिकेतला मोठा नाट्यपुरस्कार सहअभिनेते विन्स्टन न्ट्शोनांसोबत मिळवलेला माणूस. पण अटांड्वा काही थेट मार्व्हलमध्ये उगवला नाही. २००९ मध्ये केपटाऊनच्या बॅक्स्टर थिएटर आणि रॉयल शेक्सपिअर कंपनीने केलेल्या शेक्सपिअरच्या ‘टेम्पेस्ट’ नाटकामध्ये अँटनी शेर प्रॉस्पेरो होते, जॉन कानी कॅलिबन आणि अटांड्वा एरिअल. म्हणजे गोऱ्या मालकाचे दोन गुलाम, बाप आणि मुलगा, एकाच रंगमंचावर. दक्षिण आफ्रिकेतल्या प्रेक्षकाला त्यात काय काय दिसलं असेल!

मला स्वतःला राजापेक्षा तो एरिअल बघायला आवडला असता.